आयर्लंडमधील समलिंगी विवाह: सार्वमत ते नोंदणी

आयर्लंडमध्ये समलिंगी जोडप्यांसाठी वेगळा विवाह कायदा नाही. दोन पुरुषांनी, दोन स्त्रियांनी किंवा एका स्त्रीने आणि एका पुरुषाने लग्न करायचे ठरवले, तरी पूर्वसूचना तीच, शुल्क तेच, फॉर्म तोच आणि शेवटी हातात पडणारा दाखलाही तोच. १६ नोव्हेंबर २०१५ पासून ही व्यवस्था लागू आहे. त्याच्या बावीसच वर्षे आधी, १९९३ पर्यंत, याच देशात दोन पुरुषांमधले संबंध हा फौजदारी गुन्हा होता.

समलिंगी विवाहाला मान्यता देणारा आयर्लंड हा काही पहिला देश नव्हे. तो मान नेदरलँड्सचा. तिथे १ एप्रिल २००१ रोजी कायदा लागू झाला. पाठोपाठ २००३ मध्ये बेल्जियम आणि २००५ मध्ये स्पेन आले. मात्र या देशांत निर्णय संसदेने घेतला. देशभरातल्या मतदारांना मतपेटीपाशी बोलावून, त्यांच्या कौलाने हा हक्क देणारा पहिला देश आयर्लंड. ही काही आयरिश राज्यकर्त्यांची हौस नव्हती. तिथे राज्यघटनेतले एक अक्षरही सार्वमताशिवाय बदलता येत नाही, आणि विवाहाचा प्रश्न अखेर घटनेपाशीच येऊन अडला होता.

गुन्ह्याचे कलम

मूळ कायदा ब्रिटिश पार्लमेंटचा, १८६१ सालचा. भारतीय दंड संहितेतले ३७७ वे कलम १८६० चे. दोन्ही एकाच साच्यातून निघालेली. १८८५ मध्ये पुरुषांमधल्या कोणत्याही ‘घोर असभ्य’ वर्तनाला दोन वर्षांपर्यंत सक्तमजुरी ठोठावणारे आणखी एक कलम आले. डब्लिनमध्ये जन्मलेल्या ऑस्कर वाइल्डला १८९५ मध्ये लंडनच्या न्यायालयाने याच कलमाखाली शिक्षा दिली. १९२२ मध्ये आयर्लंड स्वतंत्र झाला, पण ही कलमे तशीच राहिली. स्त्रियांमधल्या संबंधांचा त्यांत उल्लेखच नव्हता. त्यामुळे स्त्रियांना शिक्षेची धास्ती नव्हती आणि मान्यताही नव्हती.

इंग्लंड आणि वेल्सने १९६७ मध्ये हा गुन्हा रद्द केला. आयर्लंडने केला नाही. डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजात इंग्रजी शिकवणारे, जेम्स जॉइसचे अभ्यासक डेव्हिड नॉरिस यांनी तो रद्द व्हावा म्हणून सरकारविरुद्ध दावा लावला. उच्च न्यायालयात ते हरले. १९८३ मध्ये सर्वोच्च न्यायालयातही तीन विरुद्ध दोन मतांनी हरले. आयरिश राज्यघटनेचे स्वरूप ख्रिस्ती आहे, या मुद्द्याला बहुमताच्या निकालात मोठे वजन होते. मग प्रकरण स्ट्रासबर्गच्या युरोपीय मानवी हक्क न्यायालयात गेले. तिथे नॉरिस यांची बाजू वकील मेरी रॉबिन्सन यांनी मांडली आणि २६ ऑक्टोबर १९८८ रोजी न्यायालयाने आठ विरुद्ध सहा मतांनी नॉरिस यांच्या बाजूने निकाल दिला.

निकालानंतरही पाच वर्षे गेली. १९९३ मध्ये न्यायमंत्री मॉयरा गेगन-क्विन यांनी विधेयक आणले. ते धाडसी होते, कारण संमतीचे वय सर्वांसाठी सारखेच, १७ वर्षे ठेवले होते. इंग्लंडमध्ये तेव्हा समलिंगी पुरुषांसाठी ते २१ होते. या विधेयकावर राष्ट्राध्यक्ष म्हणून सही केली मेरी रॉबिन्सन यांनी. स्ट्रासबर्गला खटला लढवणारी वकील १९९० मध्ये देशाची राष्ट्राध्यक्ष झाली होती.

एकेचाळीसावे कलम

गुन्हा रद्द होणे वेगळे आणि विवाहाचा हक्क मिळणे वेगळे. दुसऱ्यात १९३७ ची राज्यघटना आड येत होती. तिच्या ४१ व्या कलमात कुटुंब हा समाजाचा पाया मानला आहे आणि विवाहसंस्थेचे रक्षण करण्याची जबाबदारी राज्यावर टाकली आहे. कॅथलिक विचारांचा ठसा या कलमावर इतका गडद होता की मूळ मसुद्यात घटस्फोटाला पूर्ण बंदी होती. ती उठायला १९९५ उजाडावे लागले, आणि तीही सार्वमतात जेमतेम ९,११४ मतांच्या फरकाने उठली. वीस वर्षांनी याच मतदारांपुढे समलिंगी विवाहाचा प्रश्न जाणार होता, हे लक्षात घेतले म्हणजे त्या वेळच्या राजकारण्यांची धाकधूक समजते.

गंमत अशी की विवाह म्हणजे स्त्री आणि पुरुष यांचाच, असे या कलमात कुठेही लिहिलेले नव्हते. कॅथरीन झॅपोन आणि अ‍ॅन लुईस गिलिगन या जोडप्याने नेमके याच मोकळ्या जागेवर बोट ठेवले. दोघींनी २००३ मध्ये कॅनडात, व्हँकूवरला, कायदेशीर लग्न केले होते. परतल्यावर त्यांनी आयकर खात्याला कळवले, की आता आमची कर-आकारणी विवाहित जोडप्याप्रमाणे करा. खात्याने नकार दिला आणि प्रकरण कोर्टात गेले. वरवर करसवलतीचे वाटणारे हे भांडण होते विवाहाच्या व्याख्येचे.

डिसेंबर २००६ मध्ये उच्च न्यायालयाच्या न्यायमूर्ती एलिझाबेथ डन यांनी दावा फेटाळला. घटना काळानुसार वाचली पाहिजे हे त्यांना मान्य होते. पण १९३७ मध्ये विवाह म्हणजे स्त्री-पुरुषाचाच, हाच अर्थ गृहीत होता आणि तो अर्थ आता बदलला आहे असे म्हणायला आधार नाही, असा त्यांचा निष्कर्ष होता. उलट, पुरावा समोरच होता: २००४ च्या नागरी नोंदणी कायद्यात संसदेने विवाहाला अडथळा ठरणाऱ्या गोष्टींच्या यादीत ‘दोघांचे लिंग एकच असणे’ हे स्पष्ट शब्दांत घातले होते. दावा हरला, पण त्यातूनच विवाहसमानतेची संघटित चळवळ उभी राहिली.

सरकारने मधला मार्ग काढला. १ जानेवारी २०११ पासून समलिंगी जोडप्यांना ‘सिव्हिल पार्टनरशिप’ म्हणजे नागरी भागीदारी नोंदवता येऊ लागली. कर, वारसा, निवृत्तिवेतन, राहत्या घराचे संरक्षण या बाबतींत तिने बरेच काही दिले. मात्र ती विवाह नव्हती, आणि चळवळीतल्या एका गटाने कायदे चाळून विवाह व भागीदारी यांच्यातले १६० हून अधिक फरक मोजून दाखवले. सर्वांत बोचरा फरक मुलांचा होता. भागीदारीतल्या जोडप्याच्या घरी वाढणाऱ्या मुलाचे दुसऱ्या पालकाशी कायद्याने नातेच नव्हते. शाळेच्या फॉर्मवर किंवा शस्त्रक्रियेच्या संमतिपत्रावर सही करण्याची वेळ आली की हे उघड्यावर येई.

शंभर जणांची परिषद

२०११ मध्ये फिने गेल आणि लेबर या पक्षांचे आघाडी सरकार आले. लेबर पक्षाला विवाहाचा हक्क हवा होता, पंतप्रधान एंडा केनी साशंक होते. म्हणून प्रश्न घटना परिषदेकडे सोपवण्यात आला. या परिषदेत शंभर माणसे: ६६ सामान्य नागरिक, ३३ राजकारणी आणि एक अध्यक्ष. नागरिक मतदारांमधूनच वय, लिंग, प्रदेश यांचा समतोल राखून निवडले होते. त्यांनी तज्ज्ञांचे आणि दोन्ही बाजूंचे म्हणणे ऐकले, टेबलांभोवती बसून चर्चा केली आणि एप्रिल २०१३ मध्ये ७९ टक्के मतांनी घटनादुरुस्तीची शिफारस केली.

राजकारणी जो प्रश्न हातात धरायला कचरत होते, तो सामान्य माणसांनी दोन दिवसांच्या चर्चेत निकालात काढला होता. सार्वमत घ्यायला सरकारला धीर आला तो यामुळे.

मतदान

मतदानाचा दिवस ठरला २२ मे २०१५. आयर्लंडमध्ये रेडिओ आणि दूरचित्रवाणीवर राजकीय जाहिरातींना बंदी आहे. शिवाय १९९५ च्या एका निकालानुसार सरकारला सार्वमतात एका बाजूच्या प्रचारावर सार्वजनिक पैसा खर्च करता येत नाही. त्यामुळे प्रचार चालला विजेच्या खांबांवरच्या फलकांतून आणि दारोदारी. ‘येस इक्वॅलिटी’ या होकाराच्या आघाडीने कार्यकर्त्यांना शिकवले होते ते एवढेच: वाद घालू नका, स्वतःची गोष्ट सांगा. मग गावागावांत आया आपल्या मुलांबद्दल बोलू लागल्या. माजी राष्ट्राध्यक्ष मेरी मॅकअ‍ॅलिस याही आपल्या समलिंगी मुलाची आई म्हणून बोलल्या.

विरोधी बाजूचा भर मुलांवर होता. प्रत्येक मुलाला आई आणि वडील दोन्ही हवेत, असे त्यांचे फलक सांगत. सरकारने हा मुद्दा आधीच वेगळा काढून ठेवला होता: एप्रिल २०१५ मध्ये मुले आणि कौटुंबिक नाती याविषयीचा स्वतंत्र कायदा मंजूर करून दत्तक, पालकत्व, ताबा हे प्रश्न त्यात घातले. विवाहाच्या प्रश्नावर मत देताना मुलांचा प्रश्न सुटत किंवा बिघडत नाही, असे सरकारला म्हणता आले. तरी फलक शेवटपर्यंत हटले नाहीत.

या मोहिमेचा एक धागा कोकणात पोचतो. तेव्हाचे आरोग्यमंत्री लिओ वराडकर यांचे वडील डॉ. अशोक वराडकर मुंबईचे आणि घराण्याचे मूळ गाव सिंधुदुर्ग जिल्ह्यातल्या मालवण तालुक्यातले वराड. १८ जानेवारी २०१५ रोजी, आपल्या छत्तिसाव्या वाढदिवशी, वराडकर यांनी सरकारी रेडिओवरच्या मुलाखतीत आपण समलिंगी असल्याचे सांगितले. असे उघडपणे सांगणारे ते आयर्लंडचे पहिले मंत्री. मतदान चार महिन्यांवर आले असताना एका सत्ताधारी मंत्र्याने हे बोलणे म्हणजे हजार फलकांचे काम होते. पुढे २०१७ मध्ये ते पंतप्रधान झाले आणि २०१९ च्या डिसेंबरात कुटुंबासह वराडला येऊन गेले.

परदेशी राहणाऱ्या आयरिश नागरिकांना टपाली मतदानाची सोय नाही. अठरा महिन्यांच्या आत परतण्याच्या इराद्याने गेलेल्यांनाच मत देता येते, तेही प्रत्यक्ष येऊन. लंडन, सिडनी, न्यूयॉर्कहून तरुण मंडळी विमानांनी आणि बोटींनी भरभरून घरी आली. नव्याने नाव नोंदवणाऱ्यांची संख्या साठ हजारांवर गेली.

निकाल २३ मेला लागला. बाजूने १२,०१,६०७ मते, विरोधात ७,३४,३००, म्हणजे ६२.०७ टक्के होकार. मतदान ६०.५२ टक्के. ४३ पैकी ४२ मतदारसंघांनी हो म्हटले. आग्नेय डब्लिनमध्ये होकार पाऊणशे टक्क्यांच्या आसपास होता, तर नैर्ऋत्य डोनेगलमध्ये तो केवळ ३३ मतांनी टिकला. नाही म्हणणारा एकच मतदारसंघ: रॉसकॉमन आणि दक्षिण लीट्रिम. त्याच दिवशी झालेले दुसरे सार्वमत आता कोणाच्या आठवणीत नाही. राष्ट्राध्यक्षपदाच्या उमेदवाराचे किमान वय ३५ वरून २१ करावे का, असा तो प्रश्न होता आणि मतदारांनी तो मोठ्या बहुमताने फेटाळला. लोक ‘हो’च्या लाटेत वाहत गेले, या आक्षेपाला एवढे उत्तर पुरे आहे.

घटनेत नवे पोटकलम आले. विवाह दोन व्यक्तींना कायद्यानुसार करता येईल आणि त्यात त्यांच्या लिंगावरून भेद केला जाणार नाही, इतकाच त्याचा आशय. सार्वमताला आव्हान देणारे दोन अर्ज न्यायालयात गेल्यामुळे घटनादुरुस्तीवर राष्ट्राध्यक्षांची सही होण्यास ऑगस्ट संपत आला. मग विवाह कायदा २०१५ संमत झाला, १६ नोव्हेंबरला लागू झाला आणि दुसऱ्याच दिवशी टिपरेरी परगण्यातल्या क्लॉनमेल गावी पहिला विवाह लागला. तीन महिन्यांच्या पूर्वसूचनेची अट असताना हे कसे घडले? ज्यांनी नागरी भागीदारीसाठी आधीच सूचना दिली होती, त्यांना तीच विवाहासाठी चालेल, अशी तरतूद कायद्यात होती.

नोंदणीची वाट

आयर्लंडमध्ये लग्न करायचे म्हणजे प्रथम निबंधकाला सूचना द्यायची. ठरलेल्या तारखेच्या किमान तीन महिने आधी दोघांनीही निबंधकाच्या कार्यालयात स्वतः जायचे असते. भेटीची वेळ आगाऊ घ्यावी लागते आणि शहरांत ती लवकर मिळत नाही, म्हणून शहाणी जोडपी हॉलच्या आधी निबंधक ठरवतात. लग्न देशात कुठेही असो, सूचना कोणत्याही निबंधकाकडे देता येते. शुल्क २०० युरो. दोघांचे वय लग्नाच्या दिवशी १८ पूर्ण हवे. न्यायालयाच्या परवानगीने त्याहून लहान वयात लग्न करण्याची पळवाट २०१९ पासून बंद आहे.

सोबत लागतात पासपोर्ट, मूळ जन्मदाखला, पत्त्याचा पुरावा आणि असल्यास आयरिश सार्वजनिक सेवा क्रमांक. आधीचे लग्न मोडले असेल तर घटस्फोटाचा अंतिम हुकूमनामा. जोडीदार वारला असेल तर मृत्यूचा दाखला. परदेशी कागद इंग्रजीत नसतील तर प्रमाणित भाषांतर हवे आणि अनेक देशांच्या कागदांवर मूळ देशाची अपोस्टिल, म्हणजे कागद खरा असल्याची मोहोर हवी.

समजा, डब्लिनमध्ये नोकरी करणारी पुण्याची एक अभियंता आणि तिची आयरिश जोडीदार सूचना द्यायला निघाल्या आहेत. जोडीदाराचा कागद एका अर्जाने मिळतो. पुण्याच्या मुलीची खरी परीक्षा जन्मदाखल्याशी. ऐंशी-नव्वदच्या दशकातल्या आपल्याकडच्या कित्येक दाखल्यांत बाळाच्या नावाचा रकाना कोराच असतो. बारशाआधी नोंद झाली आणि पुढे कोणी नाव घालायला गेले नाही. तेव्हा आधी महापालिकेत नाव घालून घ्यायचे, मग राज्य सरकारचे साक्षांकन, मग परराष्ट्र मंत्रालयाची अपोस्टिल. घरच्यांना काही सांगितलेले नसेल, तर हा दाखला कशाला हवा या प्रश्नाचे उत्तरही तयार ठेवावे लागते.

निबंधकासमोर दोघांना सांगायचे असते: लग्नाची तारीख, ठिकाण, विधी नागरी की धार्मिक की निधर्मी, लग्न लावणाऱ्याचे नाव आणि दोन साक्षीदारांची नावे व जन्मतारखा. विवाहाला कायदेशीर अडथळा नसल्याच्या घोषणेवर सही करायची. अडथळे मोजकेच आहेत: आधीचा विवाह किंवा दुसऱ्या कोणाशी नागरी भागीदारी चालू असणे, वय कमी असणे, संमती देण्याची क्षमता नसणे आणि निषिद्ध नाते. निषिद्ध नात्यांची जुनी यादी २०१५ च्या कायद्याने समलिंगी जोडप्यांनाही लागू केली. चुलत, मावस, आते-मामे भावंडे या यादीत नाहीत, हे मराठी वाचकाला जरा चमत्कारिक वाटेल.

दोघांपैकी कोणी युरोपीय आर्थिक क्षेत्राबाहेरचा नागरिक असेल, तर हे लग्न केवळ व्हिसासाठी तर नाही ना, हे निबंधक तपासतो. २०१४ च्या दुरुस्तीने त्याला तो अधिकार दिला. ओळख कशी झाली, एकत्र राहता का, एकमेकांची भाषा येते का, असे प्रश्न होतात. संशय आला तर प्रकरण वरिष्ठांकडे जाते आणि न्याय खात्याला कळवले जाते. भारतीय जोडप्यांना हा भाग अपमानकारक वाटू शकतो, पण स्त्री-पुरुष जोडप्यांनाही तो चुकत नाही.

सारे ठीक असले की निबंधक विवाह नोंदणी फॉर्म देतो. हा फॉर्म म्हणजेच लग्नाचा परवाना. तो नसेल तर कोणीही लग्न लावू शकत नाही. सूचनेत दिलेल्या तारखेपासून सहा महिन्यांत लग्न झाले नाही तर नवा काढावा लागतो. परदेशी राहणाऱ्या किंवा गंभीर आजारी असलेल्या व्यक्तीला निबंधकाच्या परवानगीने टपालाने सूचना देता येते, मात्र लग्नाच्या किमान पाच दिवस आधी निबंधकाला प्रत्यक्ष भेटावे लागते. तीन महिने थांबणे अशक्य असेल, एखादा जोडीदार मृत्युशय्येवर असेल, तर न्यायालय सूट देते. त्या अर्जाला शुल्क नाही आणि वकीलही लागत नाही.

लग्न लावणाऱ्याचे नाव सरकारी यादीत असावे लागते. ही यादी ठेवणाऱ्या महानिबंधक कार्यालयाचे मुख्यालय रॉसकॉमन गावात आहे, म्हणजे ‘नाही’ म्हणणाऱ्या एकमेव मतदारसंघात. देशातल्या प्रत्येक समलिंगी विवाहाची व्यवस्था तिथल्याच कचेरीच्या देखरेखीखाली चालते.

विधी तीन प्रकारचे. नागरी विधी आरोग्य खात्याच्या सेवेतला निबंधक लावतो, तोही सोमवार ते शुक्रवार. शनिवार-रविवारचा मुहूर्त हवा असेल तर दुसरी वाट धरावी लागते. निधर्मी विधी मानवतावादी संघटनेचे अधिकारी लावतात. २०१२ च्या दुरुस्तीने त्यांना परवानगी मिळाली आणि आयरिश तरुणांत ते भलतेच लोकप्रिय झाले. धार्मिक विधी लावण्याची सक्ती कोणत्याही धर्मसंस्थेवर नाही, असे २०१५ चा कायदा स्पष्ट सांगतो. कॅथलिक चर्च आणि चर्च ऑफ आयर्लंड समलिंगी विवाह लावत नाहीत.

लग्नाची जागा लोकांना येण्याजोगी असली पाहिजे, खासगी घर चालत नाही. कारण आक्षेप घेणाऱ्याला वाट मोकळी हवी. लग्न लागेपर्यंत कोणीही निबंधकाकडे लेखी आक्षेप नोंदवू शकतो. प्रत्यक्ष विधीत कायद्याला दोनच गोष्टी हव्यात. दोघांनी अडथळा नसल्याचे सांगायचे आणि एकमेकांचा जोडीदार म्हणून स्वीकार केल्याचे बोलायचे, तेही दोन सज्ञान साक्षीदारांसमोर. कोणाला भाषा समजत नसेल तर दुभाषी आणायचा. तो जोडप्यापैकी किंवा साक्षीदारांपैकी नसावा. बाकी अंगठ्या, हार, गाणी, भाषणे ज्याच्या त्याच्या हौसेची. जोडपे, साक्षीदार आणि लग्न लावणारा यांच्या सह्या झाल्या की फॉर्म महिन्याच्या आत कोणत्याही निबंधकाकडे परत द्यायचा. लग्नाच्या गडबडीत हे विसरणारी जोडपी असतात. लग्न त्यामुळे रद्द होत नाही, पण नोंद होईपर्यंत दाखला मिळत नाही.

विवाहानंतर

समलिंगी विवाहितांना तेच हक्क मिळतात जे इतरांना मिळतात. आयकराची संयुक्त आकारणी होते. एकाने दुसऱ्याला दिलेल्या भेटीवर किंवा ठेवलेल्या वारशावर कर लागत नाही. १९६५ च्या वारसा कायद्यानुसार मृत्युपत्रात काहीही लिहिले असले तरी हयात जोडीदाराला मुले नसल्यास निम्मा आणि असल्यास एकतृतीयांश हिस्सा मिळतो. घटस्फोटाचे नियमही तेच आहेत: मागच्या तीन वर्षांपैकी किमान दोन वर्षे वेगळे राहिलेले असणे.

पालकत्वाचा हिशेब मात्र लग्नानंतर आपोआप सुटला नाही. दत्तकाचा मार्ग २०१७ च्या दुरुस्तीने मोकळा केला. दात्याच्या मदतीने गर्भधारणा झालेल्या स्त्री-जोडप्यांना, दोघींनाही आई म्हणून नोंद मिळण्याची तरतूद मे २०२० मध्ये लागू झाली, आणि ती ठरावीक अटींत बसणाऱ्या प्रकरणांनाच. सरोगसीतून मुले झालेल्या पुरुष-जोडप्यांना आणखी थांबावे लागले. त्यांच्यासाठीचा कायदा २०२४ मध्ये संमत झाला. सार्वमतात सर्वाधिक चर्चा मुलांची झाली आणि कायद्यात सर्वाधिक उशीरही मुलांच्याच बाबतीत झाला.

नागरी भागीदारी १६ मे २०१६ नंतर नव्याने करता येत नाही. जुन्या भागीदाऱ्या कायम आहेत. ज्यांना विवाह करायचा आहे त्यांना तीन महिने थांबावे लागत नाही, आणि विवाह झाला की भागीदारी आपोआप संपते. साचलेली मागणी किती होती ते आकड्यांत दिसते: २०१६ मध्ये २२,६२६ लग्नांपैकी १,०५६ समलिंगी होती, २०१८ मध्ये २१,०५३ पैकी ६६४.

शेजारच्या उत्तर आयर्लंडमध्ये गोष्ट उलटी घडली. युनायटेड किंगडममधल्या अगदी सुरुवातीच्या नागरी भागीदाऱ्या २००५ मध्ये बेलफास्टला झाल्या, पण विवाहाचा कायदा तिथे रेंगाळला. नोव्हेंबर २०१५ मध्ये विधानसभेत बहुमत मिळूनही नकाराधिकाराच्या तरतुदीने तो रोखला गेला. शेवटी लंडनच्या पार्लमेंटने कायदा केला आणि २०२० मध्ये तो लागू झाला.

परदेशी जोडपी

परदेशात झालेला समलिंगी विवाह आयर्लंड १६ नोव्हेंबर २०१५ पासून मानतो. झॅपोन आणि गिलिगन यांचे व्हँकूवरचे लग्नही असेच एका रात्रीत मान्य झाले. परदेशी नागरिकांना आयर्लंडमध्ये येऊन लग्न करता येते, पण भारतीयांना आधी व्हिसा लागतो आणि लग्न झाले म्हणून तिथे राहण्याचा हक्क मिळत नाही. त्याचा अर्ज वेगळा. आयरिश नागरिकाशी लग्न केलेल्याला नागरिकत्वासाठी विवाहाला तीन वर्षे आणि आयर्लंडच्या बेटावर मागच्या पाच वर्षांपैकी तीन वर्षांचे वास्तव्य पूर्ण करावे लागते.

आयरिश दाखला भारतात मात्र पती-पत्नीचा दाखला म्हणून चालत नाही. ३७७ व्या कलमाखालचा गुन्हा सप्टेंबर २०१८ मध्ये रद्द झाला, परंतु १७ ऑक्टोबर २०२३ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने विवाह हा मूलभूत हक्क नाही असे म्हटले आणि विशेष विवाह कायद्यात बदल करणे संसदेवर सोपवले. फेरविचाराचे अर्ज जानेवारी २०२५ मध्ये फेटाळले गेले. त्यामुळे डब्लिनमध्ये विवाहित असलेले दोघे भारतीय कायद्यापुरते अविवाहितच राहतात. इथल्या घराचा, ठेवींचा, विम्याचा वारसा जोडीदाराला द्यायचा असेल तर मृत्युपत्र आणि नामनिर्देशन वेगळे करावे लागते. संयुक्त बँक खाते उघडण्यास आणि जोडीदाराला नामनिर्देशित करण्यास समलिंगी व्यक्तींना कोणतीही आडकाठी नाही, हे केंद्रीय अर्थ मंत्रालयाने ऑगस्ट २०२४ मध्ये स्पष्ट केले आहे.